डॉक्टरांना सांगितलेला आकडा

ती माझ्याकडे पहिल्यांदा आली तेव्हा आठ वर्षांची होती आणि तिच्याविरुद्ध सोसायटीत लेखी तक्रार झालेली होती.

धायरीतल्या एका इमारतीच्या पार्किंगमध्ये ती रोज दुपारी भिंतीवर चेंडू मारत बसायची. जत्रेत घेतलेली प्लॅस्टिकची रॅकेट आणि रबरी चेंडू. आधी वॉचमनने समजावलं, मग सोसायटीच्या चेअरमननी आणि शेवटी नोटीस बोर्डावर कागद लागला. ‘पार्किंगची भिंत ही सर्व सभासदांच्या मालकीची असून ती कोणाच्याही अपत्याच्या व्यायामासाठी बांधलेली नाही.’ तिचे वडील तो कागद काढून, घडी घालून, शर्टाच्या खिशात ठेवूनच माझ्याकडे आले होते. ती इमारत त्यांच्याच जमिनीवर उभी होती. त्यांच्या वडिलांच्या हयातीत तिथे ज्वारी आणि कांदा निघायचा.

“म्याडम, हिला हितं कुठंतरी मारू द्या,” ते म्हणाले. “भिंत पडायच्या आधी.”

सिंहगड रस्त्यावरच्या एका शाळेच्या मागे दोन कोर्ट होती. शाळेची परवानगी घेऊन मी तिथे सकाळ-संध्याकाळ मुलांना टेनिस शिकवायचे. मी तिला एक जुनी लहान रॅकेट दिली आणि जाळीपलीकडून हाताने चेंडू टाकायला लागले. पहिले पाच-सहा हुकले. मग एक लागला आणि तो लागल्याचा आवाज ऐकून मी हातातला पुढचा चेंडू टाकायचा थांबले. ज्यांनी वर्षानुवर्षं शिकवलंय त्यांना हा आवाज कळतो. जोराचा नसतो तो, नेमका असतो. तिचे वडील कुंपणाला टेकून मोबाइलवर बोलत होते, त्यांना काहीच कळलं नाही. मी मात्र त्याच क्षणी मनात ठरवून टाकलं की ही मुलगी माझी.

तिचं नाव मी इथे लिहीत नाही. ती अजून खेळते आहे.

माझ्याबद्दल थोडं सांगायला हवं, नाहीतर पुढचं समजणार नाही. मी खडकीत वाढले. वडील दारूगोळा कारखान्यात कामगार होते आणि आम्ही वसाहतीतल्या दोन खोल्यांच्या क्वार्टरमध्ये राहायचो. अधिकाऱ्यांच्या क्लबात सिमेंटचं एक कोर्ट होतं. एका अधिकाऱ्याच्या मुलीला खेळायला जोडीदार हवी होती म्हणून मला आत घेतलं गेलं. ती मुलगी वर्षभरात कंटाळली. मी राहिले. शाळा-कॉलेजात असताना मी राज्य पातळीपर्यंत खेळले आणि तिथेच अडकले, कारण माझी सर्व्हिस कच्ची होती. पहिली सर्व्हिस कशीबशी जायची, पण ती चुकली की दुसरी म्हणजे समोरच्या मुलीला वाढदिवसाची भेटच असायची. राज्य स्पर्धेच्या एका अंतिम सामन्यात मी निर्णायक सेटमध्ये पुढे होते. शेवटच्या गेममध्ये तीन वेळा दोन्ही सर्व्हिस जाळ्यात मारल्या आणि हरले. त्यानंतर मी फारशी खेळले नाही. त्या दिवशी वडील मला सायकलवर डबल सीट घेऊन घरी आले. वाटेत एक शब्द बोलले नाहीत. घरी आल्यावर आईला एवढंच म्हणाले, “भूक लागली असेल तिला.”

म्हणून मी ठरवलं होतं की माझ्या हाताखालून जी मुलगी घडेल तिची सर्व्हिस अशी असेल की समोरचीने दोन पावलं मागे जावं. त्यातही दुसरी सर्व्हिस, जिला किक म्हणतात. चेंडू डोक्याच्या थोडा मागे उडवायचा, कंबर धनुष्यासारखी मागे वाकवायची आणि खालून वर घासत मारायचा. तो जाळीवरून उंच जातो, आत पडतो आणि उसळून समोरचीच्या खांद्यावर येतो. सुंदर फटका आहे. पण तो सगळा पाठीतून येतो.

बाराव्या वर्षी मी तिला तो शिकवायला सुरुवात केली. लवकर होतं. मला ते माहीत होतं.

ती फार बोलणारी नव्हती. सकाळी सहाला वडील जीपमधून सोडायचे. उतरायची, बुटांच्या नाड्या सोडून पुन्हा बांधायची आणि “गुड मॉर्निंग मॅडम” म्हणून थेट बेसलाइनवर जाऊन उभी राहायची. सांगितलेली गोष्ट तिला एकदाच सांगावी लागे. इतर मुलं पाण्याच्या सुट्टीत मोबाइल काढायची, ही जमिनीवर बसून रॅकेटच्या तारा बोटांनी सरळ करत राहायची. एकदा मी तिला विचारलं, “तुला कंटाळा येत नाही का गं?” तिने खरोखर विचार केला आणि म्हणाली, “शाळेत येतो.”

ती जिंकायला लागली. आधी जिल्ह्यात, मग राज्यात. चौदाव्या वर्षी ती सोळा वर्षांखालच्या मुलींना हरवत होती आणि स्पर्धांच्या ठिकाणी इतर कोच माझ्याशेजारी येऊन सहज बोलल्यासारखं करून विचारायचे, “सर्व्हिसवर किती वेळ देता?” मला ते ऐकायला फार आवडायचं. मी शाळेच्या गेटवर तिच्या फोटोचा फलक लावला. फोटोत ती सर्व्हिस करत होती, कंबर मागे वाकलेली, नजर वर. त्या वर्षी माझ्याकडे नवीन मुलं इतकी आली की मला नाही म्हणावं लागलं.

किती सर्व्हिस करायची ती? माझ्याकडे चेंडूंच्या जाळीच्या बास्केट होत्या. एका बास्केटमध्ये पन्नास चेंडू बसायचे. ती रोज पाच बास्केट रिकाम्या करायची. रविवारी सहा.

पहिली खूण मला दिसली ती चेंडू गोळा करताना. आधी ती वाकून दोन्ही हातांनी भराभर चेंडू उचलायची. आता ती चेंडू बुटाच्या कडेला लावून रॅकेटने वर उचलत होती, एकेक. हे सगळेच खेळाडू करतात, त्यात वेगळं काही नाही. पण ती आधी करत नव्हती. मग एकदा ती नाड्या बांधायला वाकली नाही. पाय बाकावर ठेवून तिने त्या बांधल्या.

“काय होतंय?” मी विचारलं.

“थोडी कंबर दुखतेय मॅडम. सर्व्हिस करताना.”

तिने सांगितलं होतं. हे मी मुद्दाम लिहिते आहे, कारण पुढे कित्येक आठवडे मी स्वतःला असं समजावत होते की ती बोललीच नाही, ती अबोल होती, मला कसं कळणार. ती बोलली होती. सकाळची वेळ होती, बाजूच्या कोर्टवर छोटी मुलं होती, राष्ट्रीय पातळीची स्पर्धा पुण्यातच तीन आठवड्यांवर आली होती. मी म्हणाले, “खेळाडूला काही ना काही दुखतंच असतं. घरी जाऊन शेक.”

तिने मान हलवली आणि पुढची बास्केट ओढली.

आठवड्याने तिच्या वडिलांनीही विचारलं. “रात्री झोपताना कुशीवर वळायला बी तरास होतोय म्हनती. डॉक्टरला दाखवू का?”

“स्नायू आखडलेत,” मी म्हणाले. “स्पर्धा झाली की आठवडाभर सुट्टी देऊ.”

“तुम्ही म्हनता तसं,” ते म्हणाले. तो माणूस जमिनीच्या व्यवहारात बिल्डरच्या वकिलालाही कागदाची प्रत्येक ओळ दोनदा वाचायला लावायचा, असं त्यांच्याच भावाने मला सांगितलं होतं. माझ्यापुढे ते कधी दुसरा प्रश्न विचारत नसत.

ती स्पर्धा ती जिंकली. अंतिम सामना अडीच तास चालला. तिसऱ्या सेटमध्ये ती दोन गुणांच्या मध्ये हात कमरेवर ठेवून आकाशाकडे बघत उभी राहायची. लोकांना वाटलं एकाग्र होते आहे. शेवटच्या गुणाला तिने किक सर्व्हिस मारली, समोरच्या मुलीचा परतीचा फटका बाहेर गेला आणि मी उभी राहून ओरडले. आयुष्यात इतक्या जोरात मी स्वतःसाठीही कधी ओरडले नव्हते.

बक्षीस समारंभात ती सरळ उभी होती. नंतर जीपमध्ये बसायची वेळ आली तेव्हा तिला बसता येईना. तिने प्रयत्न केला, दाराची कड धरली, चेहरा पांढरा पडला. शेवटी मागच्या सीटवर आडवी झाली आणि ट्रॉफी तिच्या पायाशी ठेवून आम्ही धायरीला आलो. दुसऱ्या दिवशी सकाळी वडिलांचा फोन आला. “म्याडम, ती उठंना.”

हाडांचे डॉक्टर साठीच्या आसपासचे होते आणि मोजकं बोलायचे. त्यांनी तिला एका पायावर उभं केलं आणि मागे वाकायला सांगितलं. ती थोडीशी वाकली आणि तिच्या तोंडून आवाज निघाला. दुसऱ्या पायावर तेच. “बस,” ते म्हणाले. “कपडे नीट करून बाहेर ये.” मग एमआरआय झालं आणि दोन दिवसांनी आम्ही पुन्हा त्यांच्यासमोर बसलो. ती, तिचे वडील आणि मी. टेबलावर पाठीच्या कण्याचा प्लॅस्टिकचा नमुना होता. डॉक्टरांनी पेन्सिलने खालचा एक मणका दाखवला.

“इथे मागच्या बाजूला चीर गेली आहे. पडून-बिडून नाही. पुन्हा पुन्हा तोच ताण आल्याने. वाढत्या वयात हाड कोवळं असतं.” मग माझ्याकडे पाहून, “आपण कोच ना? दिवसाला किती सर्व्हिस करायची ही?”

प्रश्न सरळ होता. ते आरोप करत नव्हते, हातात पेन धरून लिहायच्या तयारीत होते. तिचे वडील माझ्या उजव्या बाजूला बसले होते, इतके जवळ की त्यांचं कोपर माझ्या खुर्चीच्या हातावर होतं.

“शंभर,” मी म्हणाले. “फार तर सव्वाशे.”

तिने माझ्याकडे पाहिलं. फक्त एकदा. मग तिने त्या प्लॅस्टिकच्या कण्याकडे नजर वळवली आणि तिथेच ठेवली.

डॉक्टरांनी आकडा लिहिला. “शंभरात सहसा एवढं होत नाही,” ते म्हणाले. “पण होतंही कधी कधी.”

“म्हंजे म्याडमची काय चूक न्हाय,” तिचे वडील म्हणाले. ते माझ्या बाजूने बोलत होते.

“चुका शोधायला मी बसलेलो नाही,” डॉक्टर म्हणाले. “चार महिने रॅकेटला हात नाही. पट्टा लावायचा. नंतर पुन्हा फोटो काढू. ठीक असेल तर आधीच्या निम्म्याने सुरू करू. म्हणजे पन्नास.”

त्या चार महिन्यांत मी दर गुरुवारी त्यांच्या घरी जायचे. ती कमरेला कडक पट्टा बांधून खिडकीजवळ उशा लावून बसलेली असायची. मी तिला जुने सामने दाखवायचे, आम्ही ते थांबवून थांबवून बघायचो आणि मी विचारायचे, “आता ही कुठे मारेल?” ती बहुतेक वेळा बरोबर सांगायची. तिची आई दर वेळी काहीतरी गरम करून आणायची आणि म्हणायची, “तुम्ही येताय म्हनून हिचा जीव रमतो.” दवाखान्यातल्या त्या आकड्याबद्दल आम्ही दोघी एकदाही बोललो नाही. मी तिच्या डोळ्यांत राग शोधायचे. तो सापडला असता तर बरं झालं असतं. ती माझ्याशी पूर्वीपेक्षा जास्त सौम्य वागत होती, घरातल्या आजारी माणसाशी वागतात तशी.

चौथा महिना संपत आला आणि मला झोप लागेनाशी झाली. डॉक्टर म्हणाले होते, आधीच्या निम्म्याने. माझ्या खोट्या आकड्याचं निम्मं ते पन्नास मोजणार होते आणि तिथून वाढवत शंभरावर नेणार होते, कारण त्यांच्या हिशेबात चीर शंभराच्या ताणाची, ताजी होती आणि चार महिन्यांत भरून येणार होती. खरं तर ते हाड अडीचशेने मोडलं होतं, आणि किती आधीपासून मोडत होतं हे कोणालाच ठाऊक नव्हतं. कागदावर सगळंच चुकीचं होतं. मी सरळ डॉक्टरांकडे जाऊन सांगू शकले असते. दोनदा दवाखान्याच्या पायरीपर्यंत गेले. पण तिथे सांगितलं असतं तरी ते घरी कळणारच होतं, आणि ते दुसऱ्या कोणाच्या तोंडून कळू नये एवढीच लाज माझ्यात उरली होती.

मी एका दुपारी धायरीला गेले. इमारतीच्या मागे त्यांनी थोडी जमीन राखून ठेवली होती, दोन-तीन गुंठे असेल. चारी बाजूंनी बाल्कन्या आणि मध्ये मेथी, कोथिंबीर, थोडी वांगी. ते उकिडवे बसून तण काढत होते. मला पाहून उठायला लागले.

“बसा,” मी म्हणाले. “मला तुम्हाला एक सांगायचंय.”

मी उभ्या उभ्याच सांगितलं. पाच बास्केट, रविवारी सहा. ती दुखतंय म्हणाली होती तेही. डॉक्टरांना मी कमी सांगितलं तेही. शेवटी माफी मागितली. ते ऐकताना त्यांचे हात चालू होते. तण उपटायचे, माती झटकायचे, बाजूला टाकायचे. मी थांबल्यावर तेही थांबले.

“मी तुमच्या शेजारीच बसलो हुतो,” ते म्हणाले.

“हो.”

“तुम्ही आकडा सांगितला तवा मी मनात म्हनलं, बाई इमानदार हाय, लगेच सांगितलं.”

त्यांनी हातातलं तण खाली ठेवलं.

“पोरीला ठाऊक हाय?”

“तिला तेव्हाच कळलं होतं. ती तिथेच होती.”

वर कुणीतरी बाल्कनीत कपडे वाळत घालत होतं, त्याचं पाणी मेथीवर ठिबकत होतं. मला वाटलं होतं ते हाडाबद्दल बोलतील, सर्व्हिसबद्दल बोलतील. ते म्हणाले, “म्हंजे चार महिने माझी पोरगी घरात बसून माझ्यापास्नं लपवत हुती. तुमच्यासाठी.”

“हो.”

“तिला कधी खोटं बोलाया शिकवलं न्हवतं मी.” ते उठले, गुडघ्यावरची माती झटकली. “उद्यापासनं यिऊ नका, म्याडम.”

त्यांचा आवाज चढला नव्हता. शेवटी ‘म्याडम’ही म्हणाले होते. मी वर जाऊन तिला भेटले नाही. इमारतीला वळसा घालून रिक्षा मिळेपर्यंत चालत राहिले.

पुढचं मला इतरांकडून कळलं. ते दुसऱ्या दिवशी डॉक्टरांकडे गेले, खरा आकडा सांगितला, डॉक्टरांनी विश्रांती आणखी अडीच महिने वाढवली. नंतर तिला शहराच्या दुसऱ्या टोकाला एका कोचकडे घातलं. त्याच्याबरोबर व्यायामाची देखरेख करणारी एक फिजिओ होती. रोज जाऊन-येऊन दोन-अडीच तास जीपमध्ये जायचे. मी शाळेच्या गेटवरचा फलक उतरवला. पालक विचारायचे, “ती मोठी खेळाडू तुमच्याकडचीच ना?” मी म्हणायचे, “होती.” कधी सिंहगड रस्त्यावरच्या सिग्नलला ती जीप शेजारी येऊन थांबायची. तिचे वडील समोर बघत बसायचे. सिग्नल सुटला की जायचे.

मी शिकवायचं सोडलं नाही. सोडावं असं वाटलं होतं, पण दुसरं काही येत नव्हतं. एवढंच केलं की पंधरा वर्षांच्या आतल्या कोणाला किक सर्व्हिस शिकवली नाही आणि दुखतंय म्हणणाऱ्या मुलाला त्याच क्षणी घरी पाठवलं. एक गृहस्थ मला म्हणाले, “मॅडम, एवढे लाड करायचे असतील तर पाळणाघर काढा.” त्यांनी आपल्या मुलीला दुसरीकडे नेलं. ती आता बरी खेळते म्हणतात.

तीन वर्षांनी पुण्यात महिलांची एक व्यावसायिक स्पर्धा भरली. व्यावसायिक टेनिसची ही सगळ्यात खालची पायरी, पण तरी जगभरच्या मुली येतात. आयोजकांनी तिला मुख्य फेरीत थेट प्रवेश दिला होता. सतरा वर्षांची, व्यावसायिक स्पर्धेच्या मुख्य फेरीतला पहिलाच सामना. मी पेपरात कोपऱ्यातली बातमी वाचली आणि दोन बॅचना सुट्टी दिली.

मी मुद्दाम उन्हाच्या बाजूच्या पायऱ्यांवर बसले, जिथे कोणी बसत नाही. तिचे वडील समोर सावलीत होते. त्यांच्या शेजारी नवा कोच, टोपी घातलेला, शांत माणूस. समोरची खेळाडू युरोपातल्या कुठल्याशा देशाची होती, पंचविशीची असावी. तिच्याबरोबर कोणीच नव्हतं. आपली बाटली आपणच भरून आणली, आपणच टॉवेल घडी केला, आपल्याशीच पुटपुटत खेळायला लागली. व्यावसायिक टेनिस म्हणजे बहुतेकींसाठी हेच असतं. अनोळखी गाव, स्वतःची बॅग आणि जेवायला कोणी सोबत नाही.

मग माझी जुनी विद्यार्थिनी सर्व्हिसला उभी राहिली आणि मी पायरीच्या कडेला सरकले.

सगळं बदललेलं होतं. चेंडू आता डोक्यामागे जात नव्हता, पुढे आणि उजवीकडे उडत होता. कंबर जेमतेम वाकत होती. ताकद पायांतून आणि खांद्याच्या फिरण्यातून येत होती. दुसरी सर्व्हिस उसळत नव्हती. ती बाजूला वळत, खाली राहत जात होती. फोटो काढावा अशी ती सर्व्हिस आता नव्हती. मी सहा वर्षं जे घडवलं होतं त्यातलं त्या हालचालीत काही शिल्लक नव्हतं. कुणीतरी धीराने, एकेक टाका उसवावा तसं ते सगळं काढून टाकलं होतं. मला वाईट वाटलं, हे खरं आहे. आणि त्याच वेळी मी बघत होते की प्रत्येक सर्व्हिसनंतर ती सहज सरळ होते आहे, पडलेला चेंडू वाकून हाताने उचलते आहे.

पहिला सेट ती हरली. दुसऱ्यात तिचे परतीचे फटके लांब जात होते, तरी तिने तो ओढून काढला. तिसऱ्यात समोरची थकली. सामना संपला तेव्हा ती ओरडली नाही, उडी मारली नाही. जाळीपाशी जाऊन हात मिळवला, पंचांशी मिळवला आणि खुर्चीत बसून टॉवेलमध्ये तोंड खुपसलं. जागतिक क्रमवारीतला तिचा पहिला गुण. सावलीतल्या बाजूला टाळ्या वाजत होत्या. तिचे वडील टाळ्या वाजवत नव्हते. दोन्ही हात गुडघ्यांवर ठेवून मान खाली घालून बसले होते.

मी निघाले होते. फाटकाजवळच्या पाण्याच्या नळापाशी पोचले तेव्हा मागून आवाज आला.

“मॅडम.”

ती बूट न बदलता धावत आली होती. माझ्यापेक्षा उंच झाली होती. मी अभिनंदन म्हणाले. ती थँक्यू म्हणाली.

“एक विचारायचं होतं,” ती म्हणाली. “बरेच दिवस. तुम्ही डॉक्टरांना शंभर का सांगितलंत?”

मी याचं उत्तर तीन वर्षं तयार करत होते. खूप लांबलचक होतं ते, त्यात माझा खडकीतला तो सामनाही होता. प्रत्यक्षात तोंडातून एवढंच आलं, “घाबरले.”

“कशाला?”

“तुझे बाबा तुला घेऊन जातील म्हणून.”

ती माझ्याकडे पाहत राहिली. “मग नेलंच की त्यांनी.”

“हो.”

“मला वाटलं होतं तुम्ही माझ्यासाठी काहीतरी विचार करून सांगितलंय. म्हणजे, देअर मस्ट बी अ रीझन. म्हणून मी गप्प बसले. घरी बसून मी रोज तो रीझन शोधायचे.” तिचा आवाज कापत नव्हता. तिला खरंच माहिती हवी होती. “तसं काहीच नव्हतं ना?”

“नव्हतं,” मी म्हणाले. “चूक माझी होती. तू मला दुखतंय म्हणून सांगितलं होतंस. मी ऐकलं नाही.”

तिने मान हलवली, माझ्याकडे शिकताना हलवायची तशीच. तिने ठीक आहे म्हटलं नाही, जाऊ द्या म्हटलं नाही. तिने तसं म्हणावं अशी माझी अपेक्षा होती हे मला तिने ते न म्हटल्यावर कळलं.

मग तिने एकदम विचारलं, “दुसऱ्या सेटमध्ये माझे रिटर्न लांब का जात होते?”

“पाय लवकर थांबत होते तुझे. चेंडू येण्याआधीच तू उभी राहत होतीस.”

“सर पण हेच म्हणाले.” ती किंचित हसली. मग वळून गेटकडे पाहिलं. “बाबा गाडीकडे गेलेत. तुम्ही पाच मिनिटं थांबून निघाल का? त्यांच्यासमोर नको. अजून नको.”

मी थांबले. नळाचं पाणी तोंडावर मारलं. जीप गेल्याचा आवाज आल्यावर निघाले.

पुढच्या फेरीत ती हरली, सरळ दोन सेटमध्ये. त्यानंतर तिचं व्यावसायिक खेळणं सुरू झालं ते असंच, एक जिंकायचा आणि एक-दोन हरायचे. आता ती वर्षातले सात-आठ महिने बाहेर असते, ज्या गावांची नावं मला नकाशात शोधावी लागतात तिथे. मी मोबाइलवर तिचे सामने बघते. चित्र नसतं, नुसते आकडे बदलतात. पंधरा, तीस, तीस-तीस. आकडा बराच वेळ हलला नाही की माझा जीव खालीवर होतो, कारण मला कळत नाही की चेंडूची मोठी रॅली चालू आहे की ती कमरेवर हात ठेवून उभी आहे. मग आकडा हलतो. यंदा तिने पात्रता फेरीतून वर येऊन एका स्पर्धेची उपांत्य फेरी गाठली. क्रमवारीत ती वर सरकते आहे, सावकाश.

तिचे वडील माझ्याशी बोलत नाहीत. गेल्या हिवाळ्यात धायरीत एका लग्नात आम्ही समोरासमोर आलो. त्यांनी मला नमस्कार केला, कारण त्यांच्याकडे वयाने मोठ्या माणसांच्या देखत नमस्कार न करणं बसत नाही, आणि पुढे गेले. ते बरोबरच होतं. मी त्यांच्याकडे माफी मागायला पुन्हा गेलेले नाही. एकदा मागून झाली आहे. पुन्हा मागितली तर ती माझ्यासाठी असेल, त्यांच्यासाठी नाही.

तिच्याकडून मात्र कधीतरी एखादा व्हिडिओ येतो. खाली मजकूर नसतो. कुठल्याशा परक्या कोर्टवर ती सर्व्हिस करत असते, मागे अनोळखी झाडं, कधी धुकं. मी तो चार-पाच वेळा बघते. चेंडू कुठे पडला ते बघत नाही. मी तिची कंबर बघते, उतरताना डावा पाय कसा टेकतो ते बघते, चेंडू उचलायला ती कशी वाकते ते बघते. मग लिहिते, ‘ठीक दिसतंय.’ कधी जास्त लिहावंसं वाटतं, ते लिहीत नाही. ती अंगठ्याचं चिन्ह पाठवते.

गेल्या आठवड्यातल्या व्हिडिओत तिचा उजवा खांदा मला थोडा ओढल्यासारखा वाटला. मी तसं लिहिलं आणि तुझ्या सरांना दाखव म्हणूनही लिहिलं. तासाभराने उत्तर आलं. ‘दाखवलं. दोन दिवस रेस्ट.’